शैलाच्या लेकीचा कंबरपट्टा

"गाठ मारताना दाण्याकडे बघायचं नाही, दोऱ्याकडे बघायचं," आई म्हणाली. "दाणा कुठे पळून जात नाही."

"बाई, माझा पळाला," चिंगी म्हणाली.

सगळ्यांनी चिंगीकडे पाहिलं. तिचा एक गाल फुगला होता.

"पळाला की पोटात गेला?"

"पळता पळता गेला."

आई हसली नाही. परातीतला दुसरा दाणा उचलून तिने चिंगीच्या तळहातावर ठेवला. "आधीचा तुझा होता. हा बाळाचा. बाळाचं खायचं नाही."

संक्रांतीला सहा दिवस होते. सिन्नरच्या शिक्षक कॉलनीतल्या आमच्या घरात, पुढच्या खोलीत सतरंजीवर सात मुलं गोल बसली होती आणि मध्ये परातीत हलवा होता, तिळावर आठ दिवस साखर चढवून केलेला, पांढराशुभ्र, काटेरी. आईला निवृत्त होऊन नऊ वर्षं झाली होती, तरी कॉलनीतली मुलं तिला बाईच म्हणत. दर जानेवारीत दुपारी चार वाजता ती दार उघडं ठेवायची आणि मुलं यायची. सगळ्यांनी मिळून एकाच बाळाच्या बोरन्हाणासाठी दागिने करायचे, असा नेम होता. मुकुट, हार, बाजूबंद, वाळे, कंबरपट्टा. ज्याने जो दागिना घेतला तो त्यानेच पुरा करायचा.

बाजारातले हलव्याचे दागिने पुठ्ठ्यावर डिंकाने चिकटवलेले असतात. आईकडे डिंकाला मनाई होती. बाळ ते चाटणारच, मग पोटात साखर जाऊ दे, डिंक कशाला, असं तिचं म्हणणं. म्हणून आमच्याकडे एकेक दाणा दुहेरी दोऱ्याच्या गाठीत धरायचा. गाठ सैल राहिली की दाणा निसटतो, जास्त आवळली की काटा मोडतो. लहान बोटांना हे काम लवकर जमतं. मी तेव्हा छत्तीस वर्षांची होते, नाशिकच्या एका कॉलेजात ग्रंथपाल. दर वर्षी त्या आठवड्यात रजा घेऊन यायचे, आणि दर वर्षी सगळ्यात वाईट गाठी माझ्या असायच्या.

"वृषालीताई, ही गाठ आहे की बुटाची नाडी?" अफरीनने माझा हार वर धरून विचारलं. ती दहा वर्षांची होती आणि कंबरपट्टा तिच्याकडे होता. तो सगळ्यात अवघड, म्हणून तिने मागून घेतला होता.

"तिची लहानपणापासून अशीच," आई म्हणाली. "तिला पुस्तकं वाचता येतात. बाकी देवाने काही दिलं नाही."

"आई!"

"खोटं आहे का?"

"बाई, या वर्षी बाळ कोणाचं?" चिंगीने विचारलं.

"शैलाचं. माझी जुनी विद्यार्थिनी. तुमच्या वृषालीताईच्या वर्गातली." आई माझ्याकडे न बघता बोलत होती. "अकरा वर्षांनी मूल झालंय तिला. मुलगी आहे. रथसप्तमीला बोरन्हाण करतेय, भाजीवाल्या सुशीलाने सांगितलं."

"तिची गाठ कशी होती?" अफरीनने विचारलं. तिला स्पर्धेची चाहूल लगेच लागायची.

"शैलाची?" आईने हातातला दोरा खाली ठेवला. "तिच्यासारखी गाठ मी पुन्हा पाहिली नाही. तिची आई घरी बिड्या वळायची. ही पाच-सहा वर्षांची असल्यापासून बिडीला दोरा बांधायची. एक वेढा, दुसरा वेढा, चिमटीत दाबला की झालं. तुम्ही 'अ' म्हणेपर्यंत तिचे चार दाणे ओवून व्हायचे."

"मग ती आता का येत नाही?"

"लग्न झालं तिचं," मी म्हणाले.

आईने एकदा माझ्याकडे पाहिलं आणि मुलांना म्हणाली, "चला, साडेपाच झाले. दागिने खोक्यात."

शर्टाचा जुना खोका होता. प्रत्येक दागिन्याखाली नावाची चिठ्ठी. खोका पाटावर, आणि मुंग्या लागू नयेत म्हणून पाटाच्या चार पायांखाली पाण्याच्या चार वाट्या. अफरीनने वाट्यांत पाणी आहे का ते बोट बुडवून बघितलं आणि ते बोट चिंगीच्या फ्रॉकला पुसलं. दोघी भांडत गेल्या.

मुलं गेल्यावर मी हार घेऊन पुन्हा बसले. आई तांदूळ निवडत होती.

"शैलाकडे मी स्वतः जाणार आहे," ती म्हणाली. "बाजारात भेटते कधी कधी. 'बाई' म्हणून वाकते. पण घरी ये म्हटलं की नुसती हसते. सव्वीस वर्षं झाली, वृषे. दहा वर्षांची पोर. एक वाटी पाक परातीत सांडला, तर मी तिला 'उद्यापासून येऊ नकोस' म्हणाले. मुख्याध्यापकांच्या सुनेचे दागिने होते ना, अब्रूचा प्रश्न वाटला मला. कसली आलीये अब्रू? आता मुलं दाणे सांडतात, खातात, मी काही बोलते का? तिला सांगणार आहे, माझं चुकलं म्हणून. शिक्षकाने चूक कबूल केली की त्याला कमीपणा येत नाही, हे कळायला निवृत्त व्हावं लागतं."

मी दोऱ्याचं टोक ओठांत धरून ओलं करत होते. सुईत जात नव्हतं.

"बोल ना काही."

"काय बोलू?"

"तू होतीस तिथे. आठवतं तुला?"

"आठवतं," मी म्हणाले.

आईने शेवटचा खडा वेचून टाकला. मग तिने सूप उचललं. जाता जाता दारात थांबून म्हणाली, "दोरा तोंडात घालू नकोस गं. ओला दोरा साखर खातो."

पुस्तकांत माणसं जाताना काहीतरी सांगून जातात. मी अशी शेकडो पानं वाचली आहेत. माझी आई मला शेवटचं हे सांगून गेली. सकाळी सहाला नळ आला, ती हंडा लावायला मोरीत गेली आणि तिथेच बसली. मी पोहोचले तेव्हा हंडा भरून वाहत होता.

*

तेरा दिवस घर माणसांनी भरलेलं होतं. संक्रांत त्यातच येऊन गेली. चौदाव्याला पाहुणे पांगले, सुमनमावशी तेवढी राहिली. आईची ही धाकटी बहीण. तिने घर ताब्यात घेतलं, मला जेवायला लावलं आणि वर्षभर या घरात सणाचं गोडधोड होणार नाही, हे येणाऱ्या प्रत्येकाला सांगितलं.

पंधराव्या दिवशी चार वाजता दार वाजलं. अफरीन होती, मागे बाकीचे सहा.

"आता येऊ शकतो का?" ती म्हणाली. "अम्मी म्हणाली, तेरा दिवस जायचं नाही. तेरा झाले. मी मोजले."

"कशाला आलात, बाळांनो?" मावशीने आतून विचारलं.

"काम राहिलंय. माझे बारा दाणे राहिलेत."

मी खोका उतरवला. कोणीतरी तो पाटासकट कपाटावर सरकवून ठेवला होता. वाट्या कोरड्या ठणठणीत होत्या. झाकण काढलं आणि चिंगी किंचाळली. कंबरपट्ट्यावर मुंग्यांची काळी ओळ हलत होती. मुकुट शाबूत, वाळे शाबूत, हारही. कंबरपट्टा मात्र अर्धा नुसता दोरा उरला होता, रिकाम्या गाठींचा.

अफरीन रडली नाही. तिने त्या गाठी बोटाने मोजल्या. "सत्तावीस," ती म्हणाली. "आणि बारा. एकोणचाळीस दाणे हवेत."

बरणीत पाहिलं, सात दाणे होते. परातीत उरलेला हलवा तेराव्याच्या गर्दीत कोणीतरी वाटून टाकला होता.

"जाऊ दे आता," मावशी म्हणाली. "वृषाली, मी बोलते त्याचं वाईट वाटून घेऊ नकोस. सुतकाच्या घरात राहिलेलं, गेलेल्या माणसाच्या हातचं. अकरा वर्षांनी झालेल्या लेकराच्या अंगावर कोण घालील? ती बाई तोंडावर काही म्हणणार नाही, मागून नदीत सोडेल. कशाला शोभा करून घेतेस?"

"रथसप्तमीला किती दिवस आहेत?" मी विचारलं.

"अकरा," अफरीनने लगेच सांगितलं.

"मग दाणे मी करते. तुम्ही आठवड्याने या."

"तुम्हाला येतं?"

"बघितलंय."

"मी सांगितलं नव्हतं असं नंतर म्हणू नकोस," मावशी म्हणाली. पण दुसऱ्या दिवशी सकाळी मी उठले तेव्हा अंगणात शेगडी पेटवलेली होती आणि निखाऱ्यांवर राख पसरून आच मंद केलेली होती. मावशी आत पूजेला बसली होती, पाठ करून.

*

हलव्याला कृती अशी नाहीच. परात मंद आचेवर ठेवायची, तीळ टाकायचे, पाकाची एक पळी सोडायची आणि पाक सुकेपर्यंत बोटांनी फिरवत राहायचं. सुकला की पुढची पळी. बोटं भाजतात, पण बोटं काढली की दाणे एकमेकांना चिकटतात. दिवसभरात तिळावर साखरेचा नुसता धूर चढल्यासारखा दिसतो. तिसऱ्या दिवशी वाटतं काहीच होत नाही. पाचव्या दिवशी, थंडी चांगली असेल तर, सकाळच्या उन्हात परात धरल्यावर प्रत्येक दाण्यावर बारीक टोकं दिसतात. त्या काट्यासाठी सगळा खटाटोप. कोणी घाई करून पाक जास्त ओतला, तर आलेले काटे विरघळतात आणि आठ दिवसांचा चिखल होतो.

सव्वीस वर्षांपूर्वी या अंगणात तसाच चिखल झाला होता. आईने आम्हा दोघींना परातीशी बसवलं होतं, शैलाला आणि मला. पळीपळीने पाक घालायचा आणि आळीपाळीने फिरवायचं. पण शैलाची पाळी आली की आई तिच्या हातांकडे बघत राहायची. "बोटं बघ तिची," मला म्हणायची, "शीक." सातवा दिवस होता. बाहेर पोस्टमनने हाक मारली, आई गेली. परत आली तेव्हा पाकाची वाटी परातीत उपडी होती, काटे गेले होते आणि पळी शैलाच्या हातात होती.

"कोणी केलं हे?" आईने विचारलं.

शैलाने माझ्याकडे पाहिलं. मी परातीकडे पाहत होते. आईने पळीकडे पाहिलं, आणि तिचं उत्तर तिला मिळालं.

शैला उठली. पळी खाली ठेवली, हात फ्रॉकला पुसले आणि गेली. त्या दिवसानंतर आईने शेगडीजवळ कुठल्याच मुलाला बसू दिलं नाही. मुलांनी फक्त ओवायचं.

आठ दिवस मी त्या परातीशी बसले. घाई केली नाही. पाचव्या सकाळी काटा आला. आईच्या हलव्याइतका टोकदार नव्हता, पण होता. मावशीने चष्मा लावून एक दाणा बोटावर फिरवून बघितला.

"तुझ्या आईचा याहून उभा यायचा," ती म्हणाली, आणि दाणा तोंडात न टाकता परत परातीत ठेवला. तिची ती मोठी पसंती होती.

मुलं आली. अफरीनने जुना दोरा कापून टाकायला नकार दिला. बाईंनी बघितलेल्या गाठी आहेत, म्हणाली. तिने सुईच्या टोकाने एकेक रिकामी गाठ उकलली, त्यात नवा दाणा बसवला आणि पुन्हा आवळली. दोन दुपारी लागल्या. शेवटचं टोक बांधायच्या आत अंधार पडला आणि तिची आई हाक मारत आली. "हे एक राहू दे," अफरीन म्हणाली. "उद्या तिथेच बांधते."

*

रथसप्तमीला चारच्या सुमारास आम्ही निघालो. मी पुढे, खोका माझ्या हातात, मागे सात मुलं. शैलाचं घर एमआयडीसीच्या रस्त्याला, दोन खोल्यांचं. दारात दहा-बारा जोड चपला. आत बायका, ताटात बोरं, उसाचे करवे, चुरमुरे, गोळ्या. काळ्या खणाचं झबलं घातलेलं बाळ पाटावर बसून स्वतःचा अंगठा चोखत होतं. अंगावर एकही दागिना नव्हता.

शैला पुढे आली. आई गेल्यापासून मोकळ्या राहिलेल्या माझ्या कपाळाकडे आणि मग खोक्याकडे तिने पाहिलं.

"बाईंचं कळलं मला," ती म्हणाली. "यायचं होतं. लेकरू तापलं होतं गं."

"आईने तुझ्या मुलीसाठी करायला घेतले होते. मुलांनी पुरे केले."

मी झाकण काढलं. बायका पुढे वाकल्या. "अगो बाई, गाठीचे आहेत!" कोणीतरी म्हणालं. "डिंकाचा ठिपका नाही."

शैलाच्या सासूने बाळाला मांडीवर ओढलं. "ताई, राग मानू नका. महिनाही झाला नाही ना? आमचं हे एकच लेकरू."

"सुतक फिटलंय, आजी," अफरीन म्हणाली. "मी मोजलंय."

कोणीतरी हसलं. शैला हसली नाही. तिने कंबरपट्टा उचलला, सुटं टोक तिच्या नजरेत आलं, आणि हाताकडे न बघता तिने ते बांधलं. एक वेढा, दुसरा वेढा, चिमूट. अफरीनचं तोंड उघडं राहिलं.

"मला सासूबाईंसारखं काही वाटत नाही," शैला म्हणाली. "बाईंच्या हातचं आहे. पण त्यांना माझीच आठवण कशी आली? एवढी घरं आहेत कॉलनीत."

"तुला निरोप होता," मी म्हणाले. वाटेभर मी तो घोकला होता, आईच्या शब्दांत. "म्हणाली, शैलाला सांगायचं, माझं चुकलं. वाटीभर पाकासाठी दहा वर्षांच्या पोरीला घालवायला नको होतं."

शैलाचा चेहरा हळूहळू बदलला. रागावली असती तर मला बरं वाटलं असतं.

"म्हणजे शेवटपर्यंत त्यांना तसंच वाटत होतं," ती म्हणाली.

मी होकारार्थी मान हलवली.

"मला वाटायचं, कधीतरी कळलं असेल. बाजारात इतक्या मायेने बोलायच्या, मला वाटायचं, कळलं असणार. म्हणून मी काही बोलले नाही." तिने कंबरपट्टा घडी करून खोक्यात ठेवला, अफरीनच्या नावाच्या चिठ्ठीवर, आणि झाकण लावलं. "हे ने परत, वृषाली. बाईंनी मला माफ करून पाठवलंय हे. जे मी केलंच नाही, त्याची माफी माझ्या लेकीच्या अंगावर कशी घालू?"

सासू सुटकेने बाळाला थोपटू लागली. बायकांना काही कळलं नव्हतं. एकीने विषय बदलायला बोरांचं ताट पुढे सरकवलं. निमूटपणे निघता आलं असतं. मी सव्वीस वर्षं तेच करत आले होते, आणि ते मला छान जमत होतं.

चिंगीने माझा पदर ओढला. "का घेत नाहीत? आम्ही काही चुकलो का?"

"तुम्ही नाही चुकलात," मी म्हणाले. आवाज माझ्या अपेक्षेपेक्षा मोठा आला. शैलाने मान वर केली. पुढचं मी तिच्याकडे बघत सगळ्यांना सांगितलं.

"पळी शैलाच्या हातात होती. वाटी माझ्या हातात होती. आई तिचं कौतुक करायची, ते मला बघवत नव्हतं, म्हणून आई दाराशी गेल्यावर मी सगळा पाक परातीत ओतला. आईने विचारलं, कोणी केलं, तेव्हा मी गप्प बसले. जायच्या आदल्या दिवशी तिने मला पुन्हा विचारलं, आठवतं का, आणि मी पुन्हा गप्प बसले. तो पाक मी ओतला, आई. शैलाने नाही. मी ओतला."